केबल ट्रेचे झाकण आणि विद्युत पेटी: निवड करताना आणि बसवताना

विचारलेला प्रश्न थोडक्यात असा आहे. मोटर कंट्रोल पॅनेलपासून पंपगृहापर्यंत सुमारे १२० मीटर लांबीची केबल ट्रे (केबल ठेवून नेण्याची धातूची लांब चौकट) उघड्यावरून न्यायची आहे. तिच्यात पॉवर आणि कंट्रोल अशा दोन्ही केबल असतील आणि टोकाला, पंपगृहाच्या बाहेरच्या भिंतीवर, ७.५ किलोवॅटचा ड्राइव्ह (मोटरचा वेग नियंत्रित करणारे उपकरण) असलेली पेटी बसेल. संपूर्ण ट्रेवर बंद पत्र्याचे झाकण घालावे का, आणि जुन्या आयपी ६५ पेटीत (आयपी म्हणजे धूळ व पाणी यांपासून संरक्षणाचा दर्जा) पाणी सापडल्यामुळे या वेळी आयपी ६७ पेटी घ्यावी का?

दोन्ही ठिकाणी माझे उत्तर नकारार्थी आहे आणि त्यामागचे कारणही एकच आहे. झाकण असो वा पेटीचे दार, ते बाहेरचे आत येऊ देत नाही, तसे आतलेही बाहेर जाऊ देत नाही. बाहेरून येणारे पाणी, धूळ आणि धक्का डोळ्यांना दिसतात, म्हणून खरेदीच्या वेळी त्यांचाच विचार होतो. आत अडकणारी उष्णता आणि दमट हवा दिसत नाही. माझ्या कामात उघडाव्या लागलेल्या बहुतेक बिघडलेल्या पेट्या या दुसऱ्या कारणाने बिघडल्या होत्या.

आधी ट्रेकडे पाहू. झाकण कशासाठी, हा प्रश्न ट्रेच्या प्रत्येक भागाला वेगळा विचारावा लागतो. कोठे वरून हत्यारे किंवा बोल्ट पडण्याची शक्यता असते, कोठे ऊन थेट केबलच्या आवरणावर पडते, कोठे पाइपच्या जोडातून तेल ठिबकते, तर कोठे ट्रे जमिनीजवळून वर चढते आणि गाडीचा किंवा माणसाचा धक्का लागू शकतो. यांपैकी एकही कारण नसलेला लांबच लांब भाग झाकला, तर त्यातून केवळ खर्च, वजन आणि उष्णता वाढते. शिवाय केबलची पाहणी करायची झाल्यास प्रत्येक वेळी झाकणे काढावी लागतात आणि काढलेली सगळी झाकणे परत नीट बसवली जात नाहीत, हा अनुभव देखभालीत काम केलेल्या कोणालाही नवा नाही.

एक गैरसमजही येथे दूर करायला हवा. शिडीच्या प्रकारच्या किंवा छिद्रे असलेल्या ट्रेवर झाकण घातल्याने ती बंद पेटी होत नाही, कारण खालची बाजू उघडीच राहते. पाऊस वाऱ्याबरोबर तिरका येतो, खालून उडतो आणि आत पोहोचतो. त्यामुळे उघड्यावरच्या ट्रेमधील केबल झाकण असले तरी ओलाव्यात आणि शक्यतो सूर्यप्रकाशातही टिकणारी असावी. केबलचे आवरण कमकुवत असेल, तर झाकण ती उणीव भरून काढत नाही.

उष्णतेचा मुद्दा आकड्यांत पाहता येतो. अमेरिकेच्या विद्युत संहितेनुसार खाचा नसलेले बंद झाकण सलग १.८ मीटरपेक्षा अधिक लांबीवर असेल, तर दोन किलोव्होल्टपर्यंतच्या बहुगाभा (एकाच आवरणात अनेक वाहक असलेल्या) केबलची विद्युतवहन क्षमता तक्त्यातील मूल्याच्या ९५ टक्क्यांपर्यंतच धरायची असते. पाच टक्क्यांची ही घट फार मोठी वाटणार नाही, पण ती एकटी येत नाही. एकावर एक रचलेल्या केबलच्या थरांमुळे होणारी घट आणि भोवतालच्या तापमानामुळे होणारी घट यांच्याशी तिचा गुणाकार होतो. केबलचा आकार आधीच काठावर निवडलेला असेल, तर एवढ्यानेही गणित बिघडते. आपल्या राष्ट्रीय संहितेत वेगळा नियम असेल तर अर्थातच तो पाळावा, मात्र झाकण घालायचे की नाही हे केबलचा आकार ठरवण्यापूर्वी निश्चित करावे. केबल ओढून झाल्यावर कोणाच्या तरी सूचनेवरून झाकण घालणे हा क्रम चुकीचा आहे.

झाकणांचे प्रकार मोजकेच आहेत. सपाट बंद झाकण सर्वांत स्वस्त असते आणि यांत्रिक संरक्षण चांगले देते, पण पाणी आणि धूळ त्याच्यावर साचतात. खाचांचे झाकण हवा खेळती ठेवते. मधोमध उंचावलेले, घराच्या छपरासारखे उताराचे झाकण पाणी साचू देत नाही आणि धुळीच्या ठिकाणीही उपयोगी पडते. चौथा प्रकार मला उघड्यावरच्या पॉवर केबलसाठी सर्वांत योग्य वाटतो. त्यात साधे झाकणच ठोकळ्यांवर किंवा उंच क्लॅम्पवर ट्रेच्या कडेपासून काही सेंटिमीटर वर बसवलेले असते. ते उन्हाचा चटका स्वतःवर घेते आणि खालच्या फटीतून गरम हवा दोन्ही बाजूंनी निघून जाते. सपाट झाकण कडेला घट्ट बसवले, तर उन्हात तापलेला पत्रा खालच्या बंद हवेला तापवतो आणि सावलीचा निम्मा फायदा तेथेच वाया जातो.

म्हणून या १२० मीटरमध्ये उन्हात असलेल्या सरळ भागांवर उंचावलेले झाकण घालावे. जेथे ट्रे माणसे चालतात त्या प्लॅटफॉर्मखालून जाते तेथे आणि रस्ता ओलांडते तेथे बंद झाकण घालावे. जेथे ती जमिनीवरून उभी चढते तेथे सुमारे दोन मीटर उंचीपर्यंत बंद झाकण पुरे. सावलीत असलेला आणि वर काहीही नसलेला भाग उघडाच ठेवावा. झाकणावर कोणीही पाय देऊन उभे राहू नये अशी पाटी मात्र लावावी, कारण झाकण दिसले की ते चालण्याची वाट समजले जाते.

कंट्रोल केबलसाठी वेगळा विचार लागतो. ड्राइव्हच्या केबलशेजारून मोजमापाचे सिग्नल जाणार असतील, तर दोन स्वतंत्र ट्रे हा उत्तम उपाय आहे. तसे करणे शक्य नसेल, तर ट्रेमध्ये धातूचा दुभाजक घालावा आणि सिग्नलच्या कप्प्याला बंद तळ व बंद झाकण द्यावे. या केबलमध्ये उष्णता जवळजवळ नसल्याने तेथे बंद झाकणाचे नुकसान नाही. अट एवढीच की झाकण आणि ट्रे यांचा धातूशी धातू असा संपर्क थोड्याथोड्या अंतरावर असला पाहिजे. रंगावर नुसते टेकलेले झाकण विद्युतचुंबकीय अडथळ्याच्या दृष्टीने असून नसल्यासारखेच आहे.

झाकण बसवताना सर्वाधिक दुर्लक्ष होते ते पकडीकडे. साधारण तीन मीटर लांबीच्या सरळ झाकणाला दोन्ही बाजूंना तीन-तीन असे सहा क्लॅम्प लावण्याची पद्धत आहे, वळणाच्या तुकड्याला चार आणि टी आकाराच्या तुकड्याला सहा लागतात. वाऱ्याच्या ठिकाणी याहून भक्कम, झाकण आणि ट्रे दोघांना कवेत घेणारे क्लॅम्प वापरावेत. एका ठिकाणी ठेकेदाराने क्लॅम्प वाचवून झाकणे पत्र्याच्या स्क्रूंनी ट्रेच्या कडेला बसवली होती. पहिल्या वादळात त्यांतली काही उडाली, आणि राहिलेली काढून पाहिली तेव्हा कडेतून आत आलेल्या स्क्रूच्या टोकांनी दोन केबलचे आवरण सोलले गेले होते. झाकण उडाले तर निदान दिसते. आतली जखम पुढचा पाऊस लागेपर्यंत कोणाला कळली नसती.

तापमानामुळे होणारे प्रसरणही येथे विसरता येत नाही. ३० मीटर लांबीची पोलादी ट्रे ४० अंशांच्या फरकाने सुमारे १४ मिलिमीटर वाढते, तर तेवढीच अ‍ॅल्युमिनियमची ट्रे जवळपास २८ मिलिमीटर. ट्रेमध्ये जेथे प्रसरणाचा जोड ठेवला असेल तेथे झाकणही तोडलेले असावे आणि त्या फटीवर चढणारा झाकणाचा तुकडा एकाच बाजूला पकडलेला असावा. झाकण जोडाच्या दोन्ही बाजूंना घट्ट आवळले, तर ट्रेला दिलेली मोकळीक झाकण काढून घेते, आणि मग क्लॅम्प तुटतात किंवा पत्रा फुगतो. इतर ठिकाणी झाकणाचा जोड आणि ट्रेचा जोड एका रेषेत येऊ देऊ नयेत.

पत्र्याच्या निवडीत एक बारकावा आहे. आधीच जस्त चढवलेल्या पत्र्यावर, दोन्ही बाजू मिळून चौरस मीटरला २७५ ग्रॅम या नेहमीच्या दर्जात, प्रत्येक बाजूला सुमारे २० मायक्रॉनचा थर असतो. तयार झाल्यावर वितळलेल्या जस्तात बुडवलेल्या दीड ते तीन मिलिमीटर जाडीच्या मालावर सरासरी ५५ मायक्रॉनचा थर अपेक्षित असतो. जस्ताचे आयुष्य थराच्या जाडीबरोबर वाढत असल्याने उघड्यावर बुडवलेला माल घ्यावा हे उघड आहे. मात्र झाकणाचा पातळ पत्रा बुडवताना वाकतो आणि मग तो ट्रेवर नीट बसत नाही. यासाठी झाकण थोड्या जाड पत्र्याचे मागवावे किंवा कडा दुमडलेले घ्यावे. जागेवर कापलेली प्रत्येक कड कानशीने गुळगुळीत करून जस्तयुक्त रंगाने रंगवावी. समुद्राजवळ किंवा रसायनांच्या वाफेत ३१६ दर्जाचे स्टेनलेस किंवा काचतंतूंचे फायबर यांकडे वळावे लागते. फायबर वीज वाहत नाही, त्यामुळे ट्रेच्या धातूवर अवलंबून असलेली अर्थिंगची सलगता तेथे वेगळ्या तारेने पुरवावी. धातूच्या ट्रेमध्येही झाकणाला अर्थिंगचा वाहक समजू नये, कारण ते केव्हाही काढले जाऊ शकते.

आता पेटी. आयपी क्रमांकातील पहिला अंक घन वस्तू आणि धूळ यांच्यासाठी असतो, दुसरा पाण्यासाठी. पाच म्हणजे ६.३ मिलिमीटर तोंडाच्या नळीतून मिनिटाला १२.५ लिटरचा फवारा, सहा म्हणजे १२.५ मिलिमीटर तोंडातून मिनिटाला १०० लिटरचा जोरदार झोत, आणि सात म्हणजे एक मीटर खोल पाण्यात अर्धा तास. लक्षात घेण्यासारखी गोष्ट अशी की सातची चाचणी उत्तीर्ण झालेली पेटी पाच किंवा सहाच्या झोताला टिकतेच असे नाही. ती वेगळी चाचणी आहे आणि दोन्ही हव्या असतील तर पेटीवर दोन्ही अंक लिहिलेले असावे लागतात. भिंतीवर टांगलेली पेटी बुडणार नसल्याने आयपी ६७ मुळे आपल्याला काहीही मिळत नाही. पाइपने धुलाई होत नसेल तर उघड्यावर आयपी ५५ पुरते, होत असेल तर आयपी ६६ घ्यावे. धक्क्यासाठी वेगळा आयके क्रमांक असतो. आयके ०८ म्हणजे ५ जूल आणि आयके १० म्हणजे २० जूल, म्हणजे पाच किलोचे वजन ४० सेंटिमीटरवरून पडावे इतका. गाड्यांच्या वाटेवर तो पाहावा, एरवी त्यावर फार विचार करण्याचे कारण नाही.

मग आयपी ६५ पेटीत पाणी आले कोठून? चाचणी नव्या गॅस्केटवर (दाराच्या कडेला दाबली जाणारी मऊ पट्टी), थोडा वेळ आणि ठरलेल्या स्थितीत होते. प्रत्यक्षात पेटी दुपारच्या उन्हात तापते आणि अचानक आलेल्या पावसाने थंड होते. आतली हवा ६० अंशांवरून २५ अंशांवर आली, आणि पेटी खरोखर हवाबंद असली, तर आतला दाब सुमारे दहा टक्क्यांनी उतरतो. हा फरक जवळजवळ एक मीटर पाण्याच्या स्तंभाएवढा आहे. म्हणजे गॅस्केटवर पाणी उभे असतानाच आतून तेवढी ओढ लागते, आणि जेथे अतिसूक्ष्म फट असेल तेथून पाणी किंवा दमट हवा आत येते. दमट हवा रात्री थंड होऊन तिचे दव पडते. गॅस्केट आतून ओल बाहेर जाऊ देत नाही, त्यामुळे असे प्रत्येक दिवशी थोडे थोडे पाणी तळाशी जमत जाते. अधिक उंच आयपीची पेटी घेतल्याने हा रोग बरा होत नाही, उलट काही वेळा बळावतो.

त्यावर उपाय सोपा आहे. तळाच्या सर्वांत खालच्या कोपऱ्यात श्वास घेणारा निचरा प्लग बसवावा, मात्र त्याचा आयपी पेटीइतकाच असावा. त्याने दाब समान राहतो आणि पाणी जमलेच तर निघून जाते. ड्राइव्ह अनेक तास बंद राहणार असेल, तर आर्द्रतेवर चालणारा लहानसा हीटर तळाजवळ लावावा. पेटीवर पुढे आलेले छप्पर आणि फिका रंग या दोन्ही गोष्टी अत्यंत स्वस्त आहेत, तरी त्या सर्वांत शेवटी आठवतात.

याहून मोठा प्रश्न उष्णतेचा आहे, आणि तो खरेदीपूर्वीच कागदावर सोडवता येतो. ७.५ किलोवॅटच्या ड्राइव्हची कार्यक्षमता ९७ टक्के धरली, तर सुमारे २२५ वॅट उष्णता पेटीत सोडली जाते. आता ८०० मिलिमीटर रुंद, १००० उंच आणि ३०० खोल अशी भिंतीवरची पेटी घेऊ. उष्णता बाहेर टाकणारे तिचे परिणामकारक क्षेत्रफळ रुंदी गुणिले उंची व खोली यांची बेरीज याला १.४ ने आणि खोली गुणिले उंची याला १.८ ने गुणून, दोन्हींची बेरीज करून काढतात. ते येथे २ चौरस मीटर येते. रंगवलेल्या पोलादी पत्र्यासाठी दर चौरस मीटरला दर अंशामागे ५.५ वॅट धरतात. बाहेर ४० आणि आत ५५ अंशांची मर्यादा, म्हणजे फरक १५ अंशांचा. गुणाकार १६५ वॅट येतो. २२५ वॅट त्यात बसत नाहीत, आणि पेटी उन्हात असेल तर तेवढेही मिळणार नाहीत.

येथे बहुतेक जण पंख्याकडे वळतात. २२५ वॅट उष्णता १० अंशांच्या फरकावर काढायला ताशी सुमारे ७० घनमीटर हवा लागते, आणि तसा पंखा सहज मिळतो. पण पंखा आणि त्याची जाळी बसवली की पेटीचा आयपी त्या जाळीइतका उतरतो, जाळी धुळीने भरते, आणि ती बदलण्याचे काम कोणाच्या तरी यादीत असावे लागते. दूरच्या पंपगृहात ती यादी पाळली जाईल याची मला खात्री वाटत नाही. म्हणून मी पेटी मोठी घेण्याचा सल्ला देईन. १००० रुंद, १२०० उंच आणि ४०० खोल पेटीचे परिणामकारक क्षेत्रफळ सुमारे ३.१ चौरस मीटर होते आणि त्याच फरकावर ती अंदाजे २५५ वॅट बाहेर टाकते. पंखा नाही, जाळी नाही. अट एकच, ती सावलीत असावी. बाहेर ४५ अंश जात असतील तर हे गणित पुन्हा करावे लागेल, आणि मग ड्राइव्हचा हीटसिंक (उष्णता बाहेर टाकणारा पंख्यांचा धातूचा भाग) पाठीमागच्या पत्र्यातून बाहेर काढण्याचा पर्याय विचारात घ्यावा. आत हवा फिरवणारा छोटा पंखा मात्र प्रत्येक बंद पेटीत उपयोगी आहे, कारण गरम हवा वरच्या भागात साचून राहते आणि नेमका तेथेच ड्राइव्ह बसवलेला असतो.

पेटी बसवताना केबल खालूनच आत घ्यावी. वरच्या पत्र्याला एकही भोक पाडू नये, मग ग्लँड (केबल आत घेताना भोक घट्ट बंद करणारा जोड) कितीही चांगला असो. एका ग्लँडमधून एकच केबल न्यावी, आणि तिची जाडी ग्लँडच्या मर्यादेत असावी. दोन बारीक केबल एका ग्लँडमध्ये ढकलून वरून सिलिकॉन भरलेले मी अनेकदा पाहिले आहे. बाहेरून ते छान दिसते, पण काही महिन्यांत निसटते. वापरात नसलेली भोके पेटीच्या आयपीच्याच प्लगने बंद करावीत. एकगाभा केबलने तीन फेज येत असतील, तर प्रत्येक केबल पोलादी पत्र्यातील वेगळ्या भोकातून नेऊ नये. तसे केल्यास भोकाभोवतीच्या लोखंडात भोवरा प्रवाह निर्माण होऊन ग्लँड प्लेट हात भाजण्याइतकी तापते. त्या ठिकाणी अ‍ॅल्युमिनियमची ग्लँड प्लेट वापरावी, आणि तशा केबलचे ग्लँडही लोखंडाचे नसावेत.

पेटी पाठीच्या पत्र्याला भोके पाडून भिंतीला ठोकण्याऐवजी बाहेरच्या कानांवर टांगावी. त्यामुळे आयपी टिकतो आणि भिंत व पेटी यांच्यामध्ये हवेला जागाही राहते. दारावर दिवे, बटणे किंवा मीटर असतील, तर दार आणि पेटी यांच्यात लवचीक अर्थिंगची पट्टी जोडावी. बिजागरीवर विसंबू नये. अर्थिंगच्या बोल्टखाली रंग खरवडलेला असावा किंवा दातेरी वॉशर असावा.

आता ज्या जागेमुळे जुन्या पेटीत पाणी आले असण्याची सर्वाधिक शक्यता मला वाटते ती जागा सांगतो: ट्रे आणि पेटी यांचा सांधा. ट्रे उतरत येऊन थेट पेटीवर संपत असेल, तर पावसाचे पाणी केबलच्या अंगाने चालत येते आणि ग्लँडपाशी जमते. ट्रे पेटीच्या बाजूला संपवावी, केबल पेटीच्या तळाखाली नेऊन झोळीसारखी वाकवावी आणि मग वर ग्लँडमध्ये घ्यावी, म्हणजे पाणी सर्वांत खालच्या वळणावरून ठिबकून जाते. झाकण ट्रेच्या शेवटापर्यंत नेले असेल, तर त्याचा शेवट पेटीकडे उतरता नसावा. ग्लँड कोरडा आणि पेटी मात्र ओली असे आढळले, तर केबलच्या आतून पाणी येत आहे का ते पाहावे. वर कोठे आवरण फाटले असेल, तर पाणी तारांच्या पेडांमधून किंवा आर्मरच्या (केबलभोवतीच्या धातूच्या कवचाच्या) खालून बरेच अंतर चालत येते.

काम संपल्यावर दोन साध्या तपासण्या कराव्यात. दार लावताना गॅस्केटवर कागदाची पट्टी ठेवून दार बंद करावे आणि पट्टी ओढून पाहावी. ती सहज निघाली तर त्या ठिकाणी गॅस्केट दाबला जात नाही. चारही बाजूंनी, कोपऱ्यांसह, हे करावे. नंतर पंप पूर्ण भारावर किमान चार तास चालवून, दुपारच्या वेळी, पेटीच्या वरच्या भागातले तापमान मोजावे. ते ५५ अंशांच्या वर गेले, तर पावसाळ्याची वाट न पाहता छप्पर, पेटीचा आकार किंवा ड्राइव्हची जागा यांपैकी काही बदलावे लागेल. पहिला जोरदार पाऊस झाल्यावर पेटी उघडून तळाकडे आणि निचरा प्लगकडे एकदा टॉर्चने पाहावे.